ग्रुपवरचं गाऱ्हाणं

आमच्या गावात "हो" म्हणायची एक रीत आहे. देवळाच्या अंगणात सगळे जमतात, मानकरी नारळ घेऊन देवासमोर उभा राहतो आणि साऱ्या गावाच्या वतीनं मागणं मागतो. याला गाऱ्हाणं घालणं म्हणतात. एक मागणं बोलून झालं की तो थांबतो, आणि तो थांबला की आम्ही सगळ्यांनी एका सुरात ओरडायचं, "व्हय म्हाराजा!" म्हणजे हो देवा, आमचंही तेच म्हणणं. मग पुढचं मागणं, पुन्हा थांबणं, पुन्हा "व्हय म्हाराजा!" पोराबाळांना सुखी ठेव, व्हय. गुरांना रोगराई नको, व्हय. कुणाची वाकडी नजर पडली असेल तर ती सरळ कर, व्हय, आणि हे व्हय जरा जास्तच जोरात, कारण ते म्हणताना प्रत्येकाच्या डोळ्यांसमोर कुणीतरी शेजारी असतो.

मी डिचोलीची. लग्न होऊन इकडे पेडण्यात आले तेव्हा पहिल्या पाडव्याला नव्या नवरीला शोभेल असं मी आपली तोंडातल्या तोंडात "व्हय" पुटपुटले. शेजारी माझी मोठी जाऊ उभी होती. तिनं कमरेला असा चिमटा काढला की डोळ्यांत पाणी आलं.

"मोठ्यान म्हण गो! देवान काय तुझ्या तोंडाक कान लावन बसाचा?"

ही माझी वयनी. आमच्याकडे थोरल्या जावेला वयनी म्हणतात. तिचा आवाज असा की खालच्या वाडीतल्या गुराला वरच्या वाडीतून हाक मारावी आणि त्यानं मान वर करावी. स्वभावही तसाच. लपवाछपवी नाही, पण फटकन बोलेल आणि मग तीन दिवस तिलाच वाईट वाटेल. माझे थोरले दीर मुलगा लहान असतानाच गेले. वयनीनं पोराला वाढवलं ते सड्यावरच्या भाजीवर.

सडा म्हणजे गावामागचं उघडं पठार. मोपाला विमानतळ झाला तो असल्याच पठारावर, आमचा सडा त्याच्या अलीकडे. वर्षाचे आठ महिने तिथं जांभा दगड आणि वाळकं गवत. पाहणाऱ्याला वाटेल, ओसाड जागा. पण पावसाळ्यात त्याच दगडांच्या मधल्या मातीत गावातल्या बायका भेंडी, दोडकी, तवशी, चिबूड लावतात. जागा गावाची, कागद कुणाच्याच नावावर नाही. पण कुणाचे वाफे कुठवर हे सगळ्यांना पाठ. वयनीची भेंडी तर बोलायची सोय नाही. रस्त्याच्या कडेला टोपली मांडली की म्हापश्याला जाणाऱ्या गाड्या करकचून थांबतात. कुणी चुकून "दुसरीकडे स्वस्त आहे" म्हटलं तर वयनी सांगते, "मग थंयच जावा. थंयली शिजवतलात तेव्हा माझी आठवण काढा."

आता ग्रुपविषयी सांगते. आमच्या वॉर्डाच्या पंचानं तो काढला. पंच म्हणजे पंचायतीवर निवडून आलेला आमचा माणूस. हा मानकऱ्याच्याच घरातला, माझ्याहून लहान, हसरा, हाकेला धावणारा. नळाला पाणी कधी येणार, वीज कशानं गेली, एवढ्यापुरता ग्रुप होता. पण आपल्या माणसांना एवढ्यापुरतं काही जमतं का? सकाळी उठल्याबरोबर फुलं. फुलांवर सुविचार. सुविचाराखाली कुणाचा तरी वाट चुकलेला पाडा, म्हणजे गोऱ्हा, मग पाडा सापडला, मग त्या पाड्याला अंगठे. निवडणुकीच्या दिवसांत तर नको ते. आमच्याच शेजारचे दोघे भाऊ एका भिंतीच्या दोन बाजूंना बसून ग्रुपवर भांडत. मला दोघांचा आवाज न ऐकताही कळायचं, कारण एकाचा मोबाइल टिंग वाजला की भिंतीपलीकडून दुसऱ्याची कदेल, म्हणजे खुर्ची, सरकल्याचा आवाज यायचा.

आमच्या ह्यांचं मत असं, की या मोबाइलमुळे खरी लोकशाही आली. पूर्वी ग्रामसभेत चार पुढारी बोलायचे, आता कुणीही बोलतो. मी म्हणायची, कुणीही बोलतो खरं, पण ऐकतो कोण? पेडण्याच्या एका कचेरीत मी आवक-जावक सांभाळते. दिवसभर लोकांची तोंडं ऐकून घरी यावं तर इथं नवरा मोबाइलमधल्या कुणाच्या तरी भाषणाला मान डोलावतोय. त्यांनी एक गोष्ट पूर्ण ऐकलीय असं मला लग्नानंतर आठवत नाही, मग ती बायकोची असो नाहीतर पुढाऱ्याची.

वयनीकडे बटणांचा जुना फोन होता. मागच्या पाडव्याच्या थोडं आधी तिच्या मुलानं तिला नवा मोबाइल आणून दिला. हा माझा पुतण्या विमानतळावर टॅक्सी चालवतो. आईला लिहिता-वाचता बेताचंच येतं, म्हणून त्यानं मला सांगितलं, "काकी, तिका ता बोलून पाठवूचा शिकव." मी शिकवलं. हे माइकचं चित्र, हे दाबून धरायचं, बोलायचं, बोट सोडायचं. निरोप गेला. वयनीला आधी पटेना. "सोडलंय म्हणजे गेला? खंय गेला?" मग तिनं लेकालाच पाठवलं, "जेवक ये." तो समोरच्या ओसरीवरच होता. त्याच्या खिशातून आईचा आवाज आला आणि वयनी अशी हसली, अशी हसली की पदर तोंडात कोंबावा लागला.

पाडव्याला सकाळी देवळात नेहमीसारखं गाऱ्हाणं झालं. पंचाच्या काकांनी घातलं, आम्ही व्हय म्हटलं, नारळाचा तुकडा घेऊन घरी आलो. दुपारी पंचानं स्वतःच्या आवाजात एक गाऱ्हाणं रेकॉर्ड करून ग्रुपवर टाकलं. गावाबाहेर असलेल्यांना, वास्कोत नि दुबईत नोकरीला असलेल्यांना, गावच्या पाडव्याचा लाभ व्हावा म्हणून. कल्पना खरोखर गोड होती. आवाज तर काय, घराण्यातच आहे. चांगलं चार मिनिटांचं गाऱ्हाणं. "बा देवा म्हाराजा" एवढं ऐकू आलं आणि ग्रुपवर धडाधड सुरू झालं, कुणी लिहून, कुणी बोलून. व्हय म्हाराजा. व्हय म्हाराजा. दुबईहून व्हय म्हाराजा, पुण्याहून व्हय म्हाराजा, कुणाचे जोडलेले हात, कुणाचा नारळ. आमच्या ह्यांनी हात जोडून नारळही टाकला. मी पुरणाच्या गडबडीत होते. नंतर ऐकू म्हणून मोबाइल बाजूला ठेवला आणि मग ते ऐकणं राहूनच गेलं.

आणि वयनी? तिचा ग्रुपवरचा पहिलाच दिवस. तिनं माइकचं चित्र दाबून धरलं आणि साऱ्या ग्रुपवर तिचा आवाज दणाणला, "व्हय म्हाराजाऽऽ!" त्याला जेवढे अंगठे आले तेवढे पंचाच्या गाऱ्हाण्यालाही आले नसतील. दुबईतल्या कुणीतरी लिहिलं की आवाज ऐकून डोळ्यांत पाणी आलं. वयनी आठवडाभर हवेत होती.

नंतर मे महिन्यात एके दिवशी पंच माझ्या कचेरीत काही कामाला आला. जाता जाता हसत म्हणाला, "वयनीचो पण होकार इलो, बरा झाला. माका तिचोच भेव होतो."

"कसला होकार?"

"सड्याचो. पार्किंगाचो."

मी त्याच्या तोंडाकडे बघतच राहिले. त्याला वाटलं, माझी आठवण गेली. त्यानं मोबाइल काढला, बोटानं वर वर सरकवलं, आणि माझ्या मेजावर वयनीचा आवाज वाजला, "व्हय म्हाराजाऽऽ!" कचेरीतले सगळे वळून बघायला लागले.

घरी येऊन मी पहिल्यांदा ते गाऱ्हाणं सबंध ऐकलं. चूल थंड, चहा नाही, ह्यांना म्हटलं, बसा इथं आणि ऐका. गावाची सुखशांती झाली, पीकपाणी झालं, परदेशातली लेकरं झाली. आणि मग शेवटाकडे आलं: आमच्या गावच्या पोरांच्या टॅक्सींना उभं राहायला जागा नाही, तर सड्यावरची जागा सपाट करून तिथं पार्किंग होऊदे, पंचायतीच्या या कामात कुणाची आडकाठी नको येऊदे रे म्हाराजा.

"हे तुम्ही ऐकलं होतं?" मी विचारलं.

"मी हात जोडलंय."

"ऐकलं होतं का, ते सांगा!"

"अगो, गाराणा आयकून कोण व्हय म्हणता? गाराणा म्हटल्यार व्हय म्हणूचाच."

त्यांना वाटलं त्यांनी फार साधं काहीतरी सांगितलं. मला राग यायच्या ऐवजी घाम फुटला. देवळात प्रत्येक मागण्याला थांबावं लागतं, म्हणून प्रत्येक मागणं कानावर पडतं. एखादं भलतंच मागितलं तर म्हातारे लगेच मानकऱ्याकडे बघतात. इथं चार मिनिटांच्या साऱ्या मागण्यांना मिळून एकच व्हय, आणि तेही पहिल्याच ओळीला दिलेलं. बरं, पंचाला लबाड म्हणावं तर तेही नाही. त्यानं काही लपवलं नव्हतं. सगळं उघड, गोड आवाजात, गावासमोर बोलला होता. गावानं व्हय म्हटलं होतं. खुद्द जिचे वाफे, तिनं सगळ्यांत मोठ्यानं म्हटलं होतं.

वयनीला सांगायला गेले तेव्हा ती ओसरीवर बी निवडत बसली होती. भेंडीचं, दोडकीचं, राखेत घोळवून ठेवलेलं. मृगाच्या आधी माती उकरून ठेवायची तिची घाई. मी गाऱ्हाणं लावलं. ती आधी कौतुकानं ऐकत होती. सडा आला तसा तिचा हात सुपातच थांबला. मग मी तिचा व्हय ऐकवला.

"ह्यो माझो आवाज?"

"होय वयनी."

"इतको मोठो?" तिनं सूप बाजूला सारलं. मग म्हणाली, "माझ्याच तोंडान माझ्या वाफ्यांर माती घातलंय मां मी."

त्यानंतर ती जी चिडली! पंचावर चिडली, पोरावर चिडली, माझ्यावर तर सगळ्यांत जास्त. तुका कोणी सांगलेला माका शिकवक? बटणाचो फोन काय वायट होतो? नवा मोबाइल तिनं तांदळाच्या डब्यात खुपसला आणि वर झाकण लावलं. संध्याकाळी पुतण्या घरी आला, तर मायलेकरांची जुंपली. त्याचंही खोटं नव्हतं. दिवसभर गाडी उन्हात रस्त्याकडेला, कुणी ना कुणी हुसकावणारं. "आई, विमानां इली, आता तरी भेंडी सोड. किती वर्सां बसतलंस टोपली घेवन?"

"तू तेच भेंडयेर मोठो झालंस."

"म्हणान काय आता माझ्या गाडयेन भेंडी खावची?"

मला हसू आलं आणि ते दिसलंही. दोघांनी मिळून मला घरी पाठवलं. वाटेत मात्र हसू गेलं. वयनीचं पुढचं आयुष्य कसं जाईल ते दिसत होतं. पोरगा तिला उपाशी ठेवणार नव्हता, प्रश्न तो नव्हताच. पण आषाढात सकाळी सड्यावर जायचं नाही, कुणाची तवशी मोठी यावरून भांडायचं नाही, रस्त्याला बसून गिऱ्हाइकाची उलटतपासणी करायची नाही, तर वयनीनं करायचं काय? टीव्ही बघायचा? ती वर्षभरात म्हातारी झाली असती.

दोन दिवसांनी पंचायतीनं सड्याच्या विषयावर ग्रामसभेची नोटीस लावली, आणि तिनंच मला हाक मारली. मोबाइल डब्यातून काढला होता, त्याला तांदळाची पांढरी पूड. "खंयचा ता चित्र? दाखय." मी माइक दाखवला. तिनं दाबून धरला, पदर सावरला, जणू ग्रुपातले सगळे समोर बसलेत, आणि म्हणाली:

"आयतवारा पंचायतीत खास ग्रामसभा आसा. सगळ्यांनी येवा. माका माझो एक व्हय परत घेवचो आसा."

बोट सोडलं. गेला.

आणि मग ग्रुपवर जे सुरू झालं! कुणी म्हणे, दिलेला व्हय परत कसा घेणार, देवाला दिलाय. कुणी म्हणे, काकी बरोबर बोलतेय. सड्यावर वाफे असलेल्या बायकांनी आपापल्या मुलांकरवी रागावलेली तोंडं पाठवली. ज्यांनी गाऱ्हाणं ऐकलं नव्हतं त्यांनी आता ऐकलं, काहींनी त्यातलं सड्याचं वाक्य तेवढं तोडून फिरवलं. आणि एका रात्रीत कुठून तरी आलं की सडा दिल्लीवाल्यांना विकला गेलाय आणि पंचाला त्यात म्हापश्याचा फ्लॅट मिळाला. धादांत खोटं. पंच अजून गळक्या कौलांच्या घरात राहतो, पावसात त्यांच्या घरी टोपं मांडून ठेवतात हे साऱ्या गावाला माहीत. पण तेही पुढे पाठवलंच लोकांनी. पंचाची आई देवळाजवळ भेटली तर माझ्याशी न बोलता वळून गेली. माझा जीव चरफडला. माझ्या जावेच्या बाजूनं बोलणारेच हे खोटं फिरवत होते आणि मी कुणाकुणाचं तोंड धरणार? वयनीला सांगितलं तर ती म्हणाली, "तेच्या बापाशीन आमच्या ह्यांका खांदो दिललो. तेका चोर म्हणतलो तेचा तोंड मी फोडतलंय." तेही तिनं ग्रुपवर बोलून पाठवलं. फ्लॅटची बातमी त्यानंतर कुणी काढली नाही.

आमच्या ग्रामसभेला एरवी कोण येतं! गणसंख्या भरत नाही, अर्धा तास वाट बघायची, मग जे आहेत त्यांच्यातच सभा उरकायची आणि चहा प्यायचा. त्या आयतवारी मात्र कदेली कमी पडल्या. लोक जनेलांना, म्हणजे खिडक्यांना, टेकून उभे राहिले. बायका पुढे बसल्या, हेही पहिल्यांदाच. टॅक्सीवाली पोरं मागच्या भिंतीला, त्यांच्यात माझा पुतण्या. आमचे हे माझ्या शेजारी, घाम पुसत.

सड्याचा विषय आला. पंच उठला. नेहमीचं हसू नव्हतं. रात्री झोपला नसावा असा चेहरा. तो म्हणाला, मी काय चोरून केलं नाही. पाडव्याला गावापुढे ठेवलं, गावानं व्हय म्हटलं, माझ्याकडे सगळ्यांचे व्हय आहेत. मग माइकसमोर मोबाइल धरून त्यानं ते वाजवायला घेतले. एकामागून एक. आपापला आवाज ऐकून लोक जमिनीकडे बघू लागले. शेवटी वयनीचा व्हय सगळ्या हॉलभर घुमला.

वयनी इतकी वर्षं या गावात आहे, पण पंचायतीच्या हॉलात तिचा आवाज कधी गेला नव्हता. आयुष्यात पहिल्यांदा गेला तो असा, मोबाइलमधून, नको त्या गोष्टीला हो म्हणत. लग्न होऊन आले तेव्हापासून जिला मी घाबरते, ती बाई लालबुंद होऊन खाली मान घालून बसली होती. मला वाटलं, संपलं.

मग ती उठली.

"पंचानू," ती म्हणाली, "आवाज माझोच. नाय म्हणणंय नाय. पण गाराणा असा घालतत? तू बोललंस तुझ्या घरात, मी व्हय म्हटलंय माझ्या ओसरेर. मधी देव खंय आणि गाव खंय? आता सगळे हांगा आसत. तूच घाल गाराणा. पयल्यापासून घाल. आणि थांब थांब घाल."

हॉलात कुजबुज. सरपंच घड्याळाकडे बघायला लागले, पण मागून म्हातारे म्हणाले, घालूदे. पंच गोंधळला. पण घराण्याचा मान तो. गावानं गाऱ्हाणं घाल म्हटलं तर नाही कसं म्हणायचं? पायांतल्या वहाणा त्यानं कडेला सारल्या. नारळ नव्हता, तर हात नुसतेच जोडले.

"बा देवा म्हाराजा! आज ह्यो तुझो गाव एकवट झालो आसा, तेच्यार तुझी नजर ठेव रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" ग्रामसभेत असा आवाज मी कधी ऐकला नव्हता.

"लेकरा-बाळांक सुखी ठेव रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"गावच्या पोरांक गावातच काम-धंदो मेळांदे, तेंच्या गाडयांक बरकत येवंदे रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" यात वयनीचा आवाज सगळ्यांच्या वर होता. मागे टॅक्सीवाली पोरं चमकली.

पंच थांबला. समोर पहिल्या रांगेत सड्यावरच्या बायका, त्यांच्यात त्याची स्वतःची चुलतीही. मग त्यानं म्हटलं, आवाज जरा खाली आला होता, "आणि सड्यावरची जागा सपाट करून थंय पार्किंग होवंदे, आणि तेका कोणाची आडकाठी येवची नाय, असा कर रे म्हाराजा."

कुणीच बोललं नाही.

जन्मात मी गाऱ्हाणं बिनउत्तराचं राहिलेलं ऐकलं नव्हतं. आमच्या ह्यांचं तोंड सवयीनं उघडलं, "व्ह..." एवढं आलंही, मी कोपर मारलं. वर पंखा फिरत होता तेवढाच आवाज. मी मागे वळून पुतण्याकडे बघितलं. पार्किंग त्यालाच हवं होतं, त्याच्या गाडीसाठी होतं. तो आईच्या पाठीकडे बघत होता. ओठ घट्ट मिटलेले. त्याच्या बाजूची सगळी पोरंही तशीच.

पंच हात जोडून उभाच. अर्धं गाऱ्हाणं टाकून खाली बसता येत नाही, तसं करणं अशुभ. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं हे मी बघितलं. मग त्यानं घसा खाकरला, आणि त्याच्या बापजाद्यांचा तो खणखणीत आवाज परत आला.

"आणि आमच्या हातसून काय चुकला-माकला आसात, तर तां पोटात घाल रे म्हाराजा!"

सगळ्यांत आधी "व्हय म्हाराजाऽऽ!" म्हटलं ते वयनीनं. मग सारा हॉल उठला.

सड्याचं पार्किंग त्या दिवशी बारगळलं. पण वयनी तेवढ्यावर खाली बसली नाही. "पोरांच्या गाडयांचा काय? तो विषय ऱ्हवलो हां, उठान जाव नकात," असं म्हणून तिनं सगळ्यांना परत कदेलींवर बसवलं. रस्त्यालगतच्या पडीक जागेवर बोलणं सुरू झालं, भांडणं झाली, ठरलं काहीच नाही, आणि पुढच्या सभेलाही यायचं असं सगळे म्हणाले. येतील तेव्हा खरं. ह्यांनी त्या हॉलातूनच ग्रुपवर लिहिलं, "लोकशाहीचा विजय." मी म्हटलं, तुम्ही गप्प बसा, विजय माझ्या कोपराचा.

घरी परतताना सड्याच्या चढापाशी वयनीनं थांबून कमरेचा मोबाइल काढला, पुसला आणि माझ्यापुढे धरला.

"बाये, ह्या फोनात व्हय म्हणूक तू शिकवलंस. नाय कसा म्हणतत, ता दाखय बघया."

मी ते माइकचं चित्र दाखवलं. "हेच, वयनी. दुसरं बटण नाही."

"ह्याच?" तिनं विचारलं, आणि अंगठा त्यावर ठेवून कितीतरी वेळ ती त्या चित्राकडे बघत राहिली.